अक्रोडाच्या साच्यात खजूर

नजलावहिनींचं पत्र मी उंबऱ्यात उभ्यानेच वाचलं, घडी घातली आणि टेबलावर उघड्या पडलेल्या सनदांच्या सूचीत ठेवून दिलं. आज दमलोय, उत्तर उद्या लिहू, असं आक्काला सांगितलं. त्यानंतर तीस वर्षं ते पत्र त्या सूचीतच होतं. आम्ही घर बदललं, सूचीची बांधणी उसवली, पत्र मात्र हललं नाही.

पत्र पानभरही नव्हतं. शेवटी एक प्रश्न होता आणि त्याखाली, ‘हो किंवा नाही एवढंच लिहा, जास्त लिहू नका,’ अशी सूचना. मला जास्त लिहायची सवय आहे हे त्यांना ठाऊक होतं.

नगरला तेव्हा मी आणि माझी थोरली बहीण आक्का एका जोडघराच्या डाव्या भागात राहत होतो. उजव्या भागात मिशनच्या दवाखान्यातले डॉक्टर हिवाळे आणि त्यांच्या पत्नी नजलावहिनी. डॉक्टर मूळचे राहुरीकडचे. शिकायला दोन वर्षं बैरूतला गेले आणि येताना तिथल्या दवाखान्यातल्या एका परिचारिकेशी लग्न करून आले. वहिनी मराठी शिकल्या त्या वॉर्डातल्या आयांकडून. त्यामुळे दिसायला त्या परदेशी, आणि तोंड उघडलं की थेट राहुरीच्या बाजारातल्या.

अठ्ठ्याहत्तर सालच्या मार्चमध्ये ईस्टरसाठी घराला सफेदी देताना वहिनींच्या दोन्ही डोळ्यांत चुना उडाला. नजर जाते की राहते, अशी वेळ होती. डोळ्यांच्या डॉक्टरांनी दोन आठवड्यांची पट्टी बांधली आणि बजावलं, “डोळ्यांना पाणी लागू द्यायचं नाही. नळाचं नाही, आणि आपलंही नाही.”

“म्हंजे कांदा आता ह्यांनी चिरायचा,” वहिनी म्हणाल्या होत्या.

पट्टीला नऊ दिवस झाले होते. ईस्टरच्या आदल्या दिवशीची, शनिवारची दुपार. आक्का शेवगावला गेली होती. जाताना पिठीसाखरेचा डबा शेजारी द्यायला सांगून गेली होती, म्हणून मी त्यांच्या दाराशी उभा होतो.

“या की आत, भाऊ. दारात काय उभं ऱ्हायलाय? पट्टी माझ्या डोळ्यांवर हाय.”

“मी आहे हे कसं कळलं?”

“आत यायच्या आधी तुमी चारदा चप्पल काढता अन् चारदा घालता. दुसरं कोण करतंय असं?”

स्वयंपाकघरात त्या चौरंगावर बसल्या होत्या. पुढ्यात परातीत तुपात चोळून रात्रभर मुरवलेला रवा, शेजारी एका ताटात कुस्करलेल्या खजुराच्या गोळ्या आणि दोन वाडग्यांत अक्रोडाचं आणि दाण्याचं सारण. ओट्यावर ॲल्युमिनियमचा गोल ओव्हन तापत होता. हे त्यांचे सणाचे मामूल, सारण भरून भाजलेला रव्याचा गोड पदार्थ. दरवर्षी त्या आणि सारूबाई आया मिळून करत. सारूबाईला त्या दिवशी चर्चच्या झाडलोटीला जावं लागलं होतं.

“हात धुवा,” वहिनी म्हणाल्या. “बसा.”

“मी?”

“मंग हितं दुसरं कोण हाय?”

“मी स्वयंपाकघरात कधी… बिघडवीन मी.”

“तुमचे कागद कितीशे वर्षांचे हायेत?”

“काही चारशे वर्षांचे.”

“त्यांना हात लावता ना? ह्यो रवा तर कालचा हाय. फाटत न्हाई.”

मी बसलो. एका खासगी संग्रहातल्या जुन्या फारसी कागदांची सूची करणं ही माझी नोकरी होती. चाळीस वर्षांच्या आयुष्यात मला कुणी दुसरं काही करायला बसवल्याचं आठवत नाही.

त्यांनी फडक्यातून तीन साचे काढले. पळीसारखी मूठ असलेले, पोटात नक्षी कोरलेले, तेल पिऊन काळे झालेले लाकडी साचे. एक घुमटासारखा खोल, एक चपटा गोल, एक लांबट. त्यांच्या आईकडून आले होते, आईला तिच्या आईकडून.

“घुमटात अक्रोड. चपट्यात खजूर. लांबट्यात आईकडं पिस्ता घालतात, मी शेंगदाणा घालते. ह्यात गोंधळ करायचा न्हाई.”

“केला तर काय होतं?”

“वरनं बघून आत काय हाय ते कळलं पायजे. घरात म्हातारं माणूस असतं, कुणाला दात न्हाई, त्यानं चपटं उचलायचं. न इचारता. मामूलनं फसवायचं नसतं.”

मी सांगितलं, की माझ्या कागदांतही मामूल हा शब्द येतो. तिथे त्याचा अर्थ वहिवाट, नेहमीची रीत.

“आमची खायची वहिवाट,” त्या म्हणाल्या. “घ्या, गोळा करा. लई दाबू नका, बाळाच्या गालाला हात लावता तसं.”

बाळाच्या गालाला मी कधी हात लावला नव्हता, पण जमलं. रव्याची पारी तळहातावर घ्यायची, सारण भरून तोंड मिटायचं, साच्यात हलकेच बसवायचं आणि साचा पाटाच्या कडेवर आपटायचा. पहिला घुमट अख्खा सुटून पडला तेव्हा मी तो बराच वेळ पाहत राहिलो.

“पडला न्हवं?” आवाजावरूनच त्यांनी ओळखलं. “मंग पुढचा घ्या. त्येची काय आरती करायची हाय?”

एका वेळी बारा ओव्हनमध्ये जात. रंग पाहायचं काम माझं, खालून बदामी आणि वरून पांढरं. पण मी सांगण्याआधीच त्यांना वासावरून कळायचं. तयार घुमटांवर पिठीसाखर भुरभुरवायची, खजुराच्या चपट्यांवर नाही. खजूर आधीच गोड.

त्यांच्याजवळ एक चपटी बाटली होती, नारंगीच्या फुलांच्या पाण्याची. आईने पाठवलेली. तळाशी दोन बोटं पाणी उरलं होतं. प्रत्येक घाण्याला त्या झाकणातून मोजके थेंब घालत.

“जपून वापरावं लागतं. तिकडं लढाई, टपाल कधी येतं, कधी न्हाई. मागल्या पत्रात आईनं कबूल केलंय, नवी पाठवते म्हणून.”

ते मागलं पत्र मीच वाचलं होतं. वाचलं म्हणजे उच्चारलं. पट्टी बांधल्यावर तिसऱ्या दिवशी ते आलं. वहिनींना भाषा कळणाऱ्या परक्या माणसाकडून घरचं पत्र वाचून घ्यायचं नव्हतं. डॉक्टर माझ्याकडे येऊन म्हणाले, “बोपर्डीकर, लिपी तीच ना? तुम्ही नुसतं वाचा, समजायचं ती समजेल.” मी अक्षर लावत वाचत गेलो. माझे उच्चार ऐकून वहिनी हसून लोळायच्या बाकी राहिल्या, पण त्यांना सगळं कळलं. मला फारसं काही कळलं नव्हतं.

“माझे वडील गेले त्या वर्षी आईनं हे साचे धुऊन, फडक्यात बांधून माळ्यावर टाकले,” वहिनी सांगत होत्या. “आमच्यात दुःख असलेल्या घरी मामूल करत न्हाईत.”

“आमच्याकडे दिवाळीचा फराळ करत नाहीत.”

“आन् मंग?”

“शेजारपाजारचे, नात्यातले आणून देतात.”

“तसंच. सबंध गाव डबे घेऊन आलं. आई म्हणली, दुःख झालेल्यानं गोड आपल्या हातानं करायचं नसतं, दुसऱ्यानं आणायचं असतं. त्यानं खाल्लं का न्हाई, त्ये बी दुसऱ्यानंच बघायचं.”

तीन घाणे झाले होते. एकूण छत्तीस. माझी एकही चूक झाली नव्हती आणि वहिनी हाताने चाचपून प्रत्येक ताटाची खात्री करत होत्या. “आक्कांना सांगते, तुमचा भाऊ कामाचा हाय. उगीच पुस्तकात वाया घालवला.”

तेवढ्यात पोस्टमनची हाक आली. मीच उठून पत्र घेतलं. पातळ निळं पाकीट, तिकिटावर देवदाराचं झाड. वहिनींनी नुसतं बोट लावून ओळखलं.

“सलीमचं असंल, माझ्या भावाचं. आईला लिहिता येत न्हाई, ती सांगते, त्यो लिहितो. वाचा. हात पुसा आधी.”

मी वाचायला लागलो. सुरुवातीचे सलाम, देवाची कृपा, वगैरे. जुने कागद वाचणाऱ्याची नजर तोंडाच्या दोन ओळी पुढे असते. अक्षर आधी लावून ठेवावं लागतं. तशी ती पुढे गेली आणि दोन शब्दांवर थांबली. वफात. त्याला लागूनच वालिदा.

मला अरबी येत नव्हती. पण अमुक साहेब वफात म्हणजे मृत्यू पावले, त्यांच्या वालिदेस, म्हणजे आईस, इनाम जमीन, असे कागद मी रोज हाताळत होतो.

“का थांबलात?”

“अक्षर… इथे जरा पुसट आहे.”

“सलीमचं अक्षर कोंबडीचंच हाय. पुढं चला.”

मी पुढे गेलो. चार ओळी सोडून.

वहिनींनी मान कलती केली. “ह्ये जुळत न्हाई. मदी काहीतरी ऱ्हायलं. परत वाचा.”

मी परत वाचलं. परत त्याच चार ओळी सोडल्या.

“पाणी पडलंय का कागदावर?”

“हो. थोडं.”

“आईचं काय लिवलंय?”

ओव्हनमधून रवा भाजल्याचा वास येत होता. त्यांचे दोन्ही हात परातीत होते, मनगटापर्यंत तुपाने माखलेले. मी म्हणालो, “शेवटी सलाम आहे.”

“आईचा?”

“हो.”

“मंग झालं,” वहिनी म्हणाल्या. “सलाम हाय म्हंजे बरी हाय. ठेवा त्ये कपाटावर. पट्टी सुटली की मी बघते काय पुसलंय त्ये.”

मग त्यांनी ती चपटी बाटली मागितली. मी हातात दिली. झाकण काढून त्यांनी ती उरलेल्या रव्यावर सबंध उपडी केली, तळावर चापट मारून शेवटचा थेंबही काढला.

“पत्र आलं म्हंजे बाटली बी वाटंवर असणार. किती दिस चिंगूसपणा करायचा?”

सबंध खोली त्या फुलांच्या वासाने भरली. त्यांनी मळलेला रवा माझ्याकडे सरकवला आणि मी पुन्हा साचा उचलला. त्या त्यांच्या भाषेतलं काहीतरी गुणगुणत होत्या. शेवटचा घाणा मी एकट्याने भरला. वहिनींनी तो चाचपला नाही. “आता काय बघायचं? तुमचा हात बसलाय,” असं म्हणाल्या.

संध्याकाळी डॉक्टर सायकलवरून आले. मी फाटकाशी त्यांचीच वाट पाहत होतो. काय बोलायचं ते मनात तीनदा जुळवलं होतं.

“बोपर्डीकर, तुमच्या भुवईला रवा लागलाय,” ते म्हणाले. “तुम्हालाही कामाला लावलं वाटतं?”

“डॉक्टर, आज पत्र आलं.”

“हो? काय म्हणतेय सासू?”

मी म्हणालो, “मला कुठे अरबी कळतेय.”

ते हसले आणि सायकल आत घेऊन गेले. मी जे बोललो त्यात खोटं काहीच नव्हतं. रात्री मी स्वतःलाही तेच सांगितलं. दोन शब्द ओळखीचे निघाले म्हणजे वाक्य कळलं असं होत नाही. कुणा दुसऱ्याची वालिदा असेल. आणि समजा खरं असलंच, तर डोळ्यांना पाणी लागू द्यायचं नव्हतं.

ईस्टरच्या पहाटे ते दोघे उपासनेला गेले. नंतर वहिनींनी डॉक्टरांचा हात धरून गल्लीत प्रत्येक घरी ताटली दिली. शेवगावहून परतलेल्या आक्काने आमची ताटली घेतली. एक मामूल मोडून म्हणाली, “रव्याची करंजीच की ही. मोदकाच्या साच्यातली.” मी डोकं दुखतंय म्हणून आतल्या खोलीत पडून होतो.

गुरुवारी पट्टी सुटली. नजर शाबूत होती. शुक्रवारी सकाळी खिडकीतून मी पाहिलं, वहिनी नळाखाली ते तीन साचे धूत होत्या. एकेक करून, सावकाश. मग पुसून त्यांनी ते फडक्यात बांधले.

दुपारी डॉक्टर आमच्याकडे आले. खुर्चीत न बसता म्हणाले, “तिची आई गेली हो. जानेवारीतच. त्या दिवशीच्या पत्रात होतं.” माझा चेहरा पाहून त्यांनी माझ्या खांद्यावर हात ठेवला. “तुम्ही वाईट वाटून घेऊ नका. तुम्हाला काय कळणार? मी तिलाही तेच सांगितलं.”

आक्काने पिठलं-भात करून दोन दिवस त्यांच्या घरी नेऊन दिला. दुसऱ्या दिवशी पातेलं न्यायला तिने मला सोबत घेतलं. वहिनींनी पान वाढून घेतलं, जेवल्या, आक्काशी बोलल्या. डोळे लालसर होते, पण कोरडे. माझ्याकडे त्यांनी एकदाच पाहिलं, दूरचं अक्षर लावून पाहावं तसं.

जूनमध्ये डॉक्टरांची जालन्याला बदली झाली. पुढच्या वर्षीच्या ईस्टरनंतर, एप्रिलच्या शेवटी, ते पत्र आलं. वहिनी बोलत राहुरीचं, पण लिहीत मिशनच्या शाळामास्तरांकडून घटवलेलं शुद्ध मराठी.

‘भाऊंना सलाम. या वर्षी पुन्हा मामूल केले. करताना एक गोष्ट आठवली, ती विचारते. मागल्या ईस्टरला उपासनेहून आल्यावर मी एक घुमट मोडला, तर आत खजूर निघाला. दुसरा मोडला, त्यातही खजूर. वर साखर. शेवटच्या घाण्यातले बाराच्या बारा तसेच होते. आम्ही दोघं खूप हसलो. पहिल्या छत्तिसांत तुमची एकही चूक नव्हती. शेवटचा घाणा पत्रानंतरचा. पट्टी सुटल्यावर मी पत्र पाहिलं. त्यावर पाणी पडलेलं नव्हतं. डॉक्टर म्हणतात, भाऊंना भाषा येत नाही. त्या बारा घुमटांवरून मला काय वाटलं ते मी त्यांना सांगितलेलं नाही. तुम्हाला त्या दिवशी कळलं होतं का? हो किंवा नाही एवढंच लिहा, जास्त लिहू नका.’

मी अनेकदा लिहायला बसलो. ‘नाही’ लिहिणं शक्य नव्हतं. ‘हो’ लिहिलं की त्याच्यापुढे डोळ्यांचं कारण लिहावंसं वाटे, आणि ते लिहून झालं की कागद फाडावासा वाटे. मग लिहायला बसणंही थांबलं.

गेल्या श्रावणात आक्का गेली. ब्याऐंशी वर्षांची होती. दिवाळी आली तेव्हा मी ओट्यावरचा दिवाही न लावता वाचत बसलो होतो. पहिल्या दिवशी सकाळी वरच्या मजल्यावरच्या कुंटेबाई आल्या. “मामा, यंदा तुमच्याकडे काही करायचं नसेल,” म्हणाल्या आणि टेबलावर डबा ठेवला. संध्याकाळपर्यंत सात डबे झाले. दुसऱ्या दिवशी अकरा. चकल्या, शेव, शंकरपाळे, एका डब्यात चार करंज्या. ज्यांची नावंही मला ठाऊक नव्हती अशी माणसं दारात उभी राहून विचारत होती, “खाल्लंत का काही?”

कुंटेबाई तिसऱ्या दिवशी पुन्हा आल्या. डब्यांची झाकणं उघडून पाहिली. “हे काय, तसंच आहे सगळं. आक्का असत्या तर रागावल्या असत्या.” त्यांनी ताटलीत एक करंजी काढली आणि समोरच्या खुर्चीवर बसून राहिल्या. मी ती खाईपर्यंत उठल्या नाहीत.

त्या गेल्यावर मी सूची काढली.

चौकातल्या चर्चच्या पाळकांना फोन करून वहिनींची चौकशी केली. “आहेत की,” ते म्हणाले. “डॉक्टर वारले, पण बाई ठणठणीत आहेत. जालन्याला त्याच घरात. गेल्या वर्षी नातवाच्या बाप्तिस्म्याला आम्हाला जेवू घातलं त्यांनी.” पत्ता तोच होता, पत्राच्या मागे होता तो.

मी लिहिलं:

‘नजलावहिनींना सलाम. हो. ते दोन्ही शब्द मला तुमच्या पत्राआधीपासून ठाऊक होते. मी त्या चार ओळी तुमच्या डोळ्यांसाठी सोडल्या असं मला आजवर म्हणता आलं असतं, पण तसं नव्हतं. तुम्ही मला पाटावर बसवून हातात साचा दिला होता. वाचलं असतं तर उठावं लागलं असतं. मला उठायचं नव्हतं. तुमच्या घरी त्या ईस्टरला गोड बाहेरून यायला हवं होतं, ते मी तुमच्याच हातून करवलं आणि गल्लीभर वाटायला लावलं. आक्का श्रावणात गेली. मला यंदा अकरा डबे आले.’

जेवढं लिहायला सांगितलं होतं त्याहून ते जास्त झालं होतं. मी ते कमी केलं नाही.

भाऊबीज झाल्यावर पोस्ट उघडलं. खिडकीतल्या मुलीने पाकीट उलटसुलट पाहिलं. “आजोबा, रजिस्टर करायचं का? पोचल्याची पावती मिळते.”

“नको,” मी म्हणालो. “साधंच.”

बाहेर लाल पेटीशी आलो. सणाच्या सुट्टीमुळे पेटी तोंडापर्यंत भरली होती आणि पाकीट अर्धं बाहेर राहिलं. ते अजून ओढून काढता आलं असतं. मी दोन बोटांनी ते आत लोटलं, हात घालून नीट गेल्याची खात्री केली आणि घरी आलो.